वन्संचं ‘आपण’

सविताचा फोन आला तेव्हा मी खराडीच्या आमच्या घरी, अकराव्या मजल्यावरच्या गॅलरीत मेथी निवडत बसले होते. सकाळचे साडेनऊ वाजले असतील. मुलगा आणि सून समोरच्या काचेच्या इमारतींपैकी कुठल्याशा एकीत कामाला गेलेले. “वैनी, बाई गेल्या,” एवढंच सविता म्हणाली. फोन कानाला धरून मी दोन-चार काड्या निवडल्यासुद्धा... हात आपलं काम करत होते. आणि खरं सांगते, रडू यायच्या आधी मनात आलं ते हे की, आता विचारायचं कुणाला? मला त्यांना एकच गोष्ट विचारायची होती. त्या दिवशी त्यांनी मला ओळखलं होतं की नाही. आज दीड महिना झाला, पाहुणे येऊन गेले, दिवसवार झाले, पण तो प्रश्न काही जागचा हलत नाही. लिहून बघावं म्हटलं, म्हणून हा उद्योग.

बाई म्हणजे माझ्या नणंद, माझ्या यजमानांची मोठी बहीण. सविता त्यांच्याकडे कामाला होती. मी त्यांना वन्सं म्हणत असे. स्वातंत्र्यानंतरच्या पंधरा-वीस वर्षांत ज्यांनी मराठी चित्रपट पाहिले त्यांना त्या शशिप्रभा या नावाने आठवतील... निदान आठवाव्यात अशी माझी अपेक्षा होती. दुसऱ्या दिवशी एका वर्तमानपत्रात सात ओळी आल्या आणि सोबत फोटो आला तो भलत्याच बाईचा. मी फोन केला. पलीकडची मुलगी फार गोड होती. मॅडम, सॉरी, पण नेटवर सर्च केलं की हाच फोटो येतो, म्हणाली. मी म्हटलं, येत असेल, पण ती बाई जिवंत आहे. त्यावर चेक करून कळवते असं तिने सांगितलं. अजून चेक करत असावी.

त्यांचं घरातलं नाव द्वारका. मामंजींनी, म्हणजे माझ्या सासऱ्यांनी, सिनेमात काम करायची परवानगी दिली ती दोन अटींवर. आडनाव लावायचं नाही आणि घरात सिनेमाचं नाव काढायचं नाही. दुसरी अट भावाबहिणींनी इतक्या इमानदारीने पाळली की वन्संच्या चित्रपटांना घरात नावंच उरली नाहीत, नुसत्या खुणा उरल्या. ‘विहिरीचा’, ‘कोर्टाचा’, ‘पत्राचा’. “विहिरीचा चालू असताना मला कावीळ झाली होती,” असं त्या स्वतःही म्हणायच्या. मला आता तीच सवय लागली आहे, म्हणून इथेही तसंच लिहिते. जाणकार ओळखतील, आणि जे ओळखणार नाहीत त्यांचं काही अडणार नाही.

मी त्यांना पहिल्यांदा पाहिलं ते साताऱ्याला, पडद्यावर, ‘विहिरीचा’मध्ये. आठवीत होते. सासरच्या छळाला कंटाळलेली बाई विहिरीवर जीव द्यायला येते. कठड्यावर उभी राहते. तेवढ्यात तिचं लक्ष रहाटाच्या दोरीकडे जातं. दोरी झिजलेली असते. आपण गेल्यावर पाणी भरायला येणार ती आपली धाकटी जाऊ, तिच्या हातून घागर निसटेल, म्हणून ही बाई खाली उतरते, मांडी घालून बसते आणि दोरीला गाठ मारायला लागते. गाठ मारून होईतो मरायचं राहूनच जातं. सगळं थिएटर हमसून हमसून रडत होतं, माझी आई तर तोंडात पदराचा बोळा कोंबून. आणि पडद्यावरची बाई मात्र रडत नव्हती. हेच वन्संचं वेगळेपण. बाकीच्या नट्या रडायच्या. वन्सं कामाला लागायच्या, आणि रडायचे ते लोक.

त्यानंतर सात-आठ वर्षांनी मला बघायला जी मंडळी आली त्यांत मुलाची बहीण म्हणून ही बाई आमच्या बैठकीत येऊन बसली तेव्हा माझ्या हातातला पोह्यांचा ट्रे कसा पडला नाही, कोण जाणे. कुणी गाणं म्हणायला सांगतं, कुणी चालून दाखवायला. वन्संनी विचारलं, “रडता येतं का गं तुला?” आई घाबरलीच. मी म्हटलं, कारण असेल तर येतं. वन्संनी भावाकडे वळून पाहिलं आणि नुसती मान हलवली. माझं लग्न ठरलं ते असं. पुढे ह्यांच्याशी माझं वाजलं की मी वन्संना म्हणायची, तुम्हीच गळ्यात बांधलंत हे, आता तुम्हीच निस्तरा. त्या म्हणायच्या, मी मान हलवली होती, हो म्हटलं नव्हतं.

लग्नानंतर माझ्याकडे एक काम आपसूकच आलं. वन्सं संवाद वाचून पाठ करत नसत. दुसऱ्याने दोनदा वाचून दाखवायचे, त्यांनी डोळे मिटून ऐकायचे, की झालं. पेठेतल्या आमच्या तीन खोल्यांत मी पोळ्या लाटत लाटत त्यांना संवाद वाचून दाखवलेत. कागदाला पीठ लागायचं आणि स्टुडिओत तो कागद परत गेला की दिग्दर्शक म्हणायचे, आज वहिनींनी वाचलेलं दिसतंय. ‘पत्राचा’चं चित्रीकरण चालू होतं तेव्हा त्या मला सोबत घेऊन गेल्या. गोष्ट साधी होती. मुलगा लष्करात. तो गेल्याचं पत्र येतं. म्हाताऱ्या सासूला दिसत नाही, ती सुनेला म्हणते, वाच. सून पत्र उघडते, आणि त्यात जे लिहिलंय ते न वाचता आपल्या मनचं वाचत जाते. मी खुशाल आहे, इथे थंडी फार आहे, सुट्टी मंजूर झाली की येतो. तीन मिनिटं, एकच शॉट, मध्ये कुठे तोडायचं नाही असं ठरलेलं. सकाळी मीच दोनदा वाचलेलं असल्यामुळे मला शब्द न् शब्द ठाऊक होता. आणि मध्येच वन्सं विसरल्या. वन्सं थांबल्या नाहीत. सासूचं काम करणाऱ्या बाईकडे एकदा बघितलं आणि म्हणाल्या, “आणि लिहितोय, आईला सांग, गुडघ्याला तेल लावत जा.” असं कुठेही लिहिलेलं नव्हतं. सासूचं काम करणाऱ्या बाईंना खरंच हुंदका फुटला, दिग्दर्शकांनी तेच ठेवलं, आणि चित्रपट लागला तेव्हा लोकांच्या तोंडी ते एकच वाक्य होतं.

घरी येताना टांग्यात मी विचारलं, वन्सं, विसरला होतात ना? त्या म्हणाल्या, हळू बोल, टांगेवाल्याने चित्रपट बघायचाय अजून. मग म्हणाल्या, वाक्य गेलं तर जाऊ द्यावं, समोरच्या माणसाच्या चेहऱ्याकडे बघावं. त्याला काय ऐकायचंय ते तिथे दिसतं, आपण फक्त म्हणायचं. मला त्या वेळी हे फार हुशारीचं वाटलं. अजूनही वाटतं, पण आता त्याची भीती वाटते.

‘पत्राचा’नंतर दोन वर्षांत त्यांना आईची कामं यायला लागली. नायक त्यांच्याहून तीन वर्षांनी मोठा, आणि ह्या त्याची आई. केसांना पांढरी पावडर लावायची आणि वाकून चालायचं. तो बिचारा “आई” म्हणताना इतका लाजायचा की म्हणे आठ-आठ वेळा शॉट घ्यावा लागे. वन्संनी तक्रार केली नाही. अशा सहा-सात आया केल्या, मग एका प्रसंगाच्या आया, मग नुसत्या पलंगावर खोकणाऱ्या. शेवटी एक निर्माते घरी आले. मी चहा नेला तेव्हा ते अगदी अदबीने सांगत होते की, नायकाची आई लहानपणीच गेलेली आहे, तेव्हा काम असं काही नाही, फक्त भिंतीवर हार घातलेला फोटो लावायचा आहे, तर एखादा चांगला फोटो द्याल का. वन्संनी त्यांचं सगळं ऐकून घेतलं. चहा संपवू दिला. आणि मग शांतपणे म्हणाल्या, “आपण आपल्या मातोश्रींचा का लावत नाही?” ते गृहस्थ चप्पल शोधत निघून गेले. मी आत जाऊन पोट धरून हसले. हसताना मला कळलं नाही की एका नटीची कारकीर्द आत्ता इथे माझ्या समोर संपली. त्यांनाही दाखवायचं नसावं. त्या म्हणाल्या, कपबशी उचल, मुंग्या येतील.

पुढे फार वर्षांनी दूरचित्रवाणीवर जुन्या कलावंतांबद्दल कार्यक्रम करणारे काही लोक आले. चांगली मुलं होती. त्यांनी महिनाभर शोधाशोध केली. ‘विहिरीचा’ची प्रत कुठेच नव्हती, ‘कोर्टाचा’ भिजून गेलेला, ‘पत्राचा’ची एक प्रत कुणाकडे तरी सापडली, पण तिच्यातलं एक रीळ नव्हतं. नेमकं तेच, पत्र वाचण्याचं. म्हणजे सून पत्र हातात घेते आणि एकदम पुढच्या प्रसंगात कुणाचं तरी लग्न लागतंय. मला इतका संताप आला, कुणावर करायचा ते कळेना. ज्या तीन मिनिटांसाठी ही बाई जन्माला आली असं मी समजत होते, ती तीन मिनिटं जगात कुठेही नाहीत, आणि त्याबद्दल कुणाला काही करताही येत नाही. वन्सं म्हणाल्या, बरं झालं, आता तू सांगशील ते खरं.

आता ‘आपण’बद्दल सांगायला हवं. वन्सं मला पहिल्या दिवसापासून अगं-तूगं करत. नणंद-भावजयीच्या नात्यात ते तसंच असतं, त्यांनी ‘तू’ म्हणायचं आणि मी ‘तुम्ही’. पण त्या रागावल्या की मला ‘आपण’ म्हणत. हे आमच्या पुण्याचं खास हत्यार आहे. बाहेरगावच्या माणसाला वाटतं, काय सभ्य लोक आहेत. एका दिवाळीत फराळाचा डबा द्यायला मला भाऊबीज उलटून गेली तर म्हणाल्या, आपण कशाला तसदी घेतलीत. की समजायचं, बाई फिरल्या. मग मीही चिडायची, जायचं बंद करायची. आणि आमचा न बोलता ठरलेला नियम असा होता की ज्याने ‘आपण’ म्हटलं त्याने फोन करायचा. आठ दिवस जायचे, फार तर दहा. मग फोन वाजायचा आणि, “काय गं, जिवंत आहेस ना?” की झालं. हे गेले, मी मुलाकडे खराडीला आले, वन्सं कर्वेनगरच्या त्यांच्या फ्लॅटमध्ये एकट्या राहिल्या, लग्न त्यांनी केलंच नव्हतं, तरी हा नियम कधी मोडला नाही. दर गुरुवारी दोन बस बदलून मी जायची. मध्ये कधी ‘आपण’ व्हायचं, मध्ये कधी फोन व्हायचा. म्हाताऱ्या बायकांना तेवढीच करमणूक.

सव्वा वर्षापूर्वी माझ्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं. तीन महिने घराबाहेर पडायचं नव्हतं. मी फोन करायची, पण फोनवर वन्सं त्रोटक. हं, बरं, चालू दे, घे सविताशी बोल. सविता त्यांच्याकडे दिवसभर असायची, मूळची हडपसरच्या पलीकडची, कामाला वाघीण आणि बोलायला मोकळी. मला वाटलं, येत नाही म्हणून बाईसाहेब फुगल्यात. तीन महिन्यांनी काठी टेकत, रिक्षा करून मी कर्वेनगरला गेले. वन्सं खिडकीपाशी खुर्चीत होत्या. चांगली इस्त्रीची साडी, केस नीट विंचरलेले. माझ्याकडे बघून त्या छान हसल्या. “या ना. आपण बसा,” म्हणाल्या. “पायाला काय लागलं आपल्या?”

माझं डोकंच फिरलं. तीन महिने मी भोगलं, आणि वर हे. पायाला काय लागलं म्हणे. मी म्हटलं, काही नाही, नाचताना मुरगळला. वन्सं मनापासून हसल्या, वा, म्हणाल्या. चहा आला. बऱ्याच दिवसांनी येणं केलंत आपण, म्हणाल्या. मीही मग मागे राहिले नाही. आपल्या दर्शनाचा योग नव्हता, आपल्याला कुठे आमची आठवण, असं काय काय बोलले. त्या प्रत्येक वाक्याला मान हलवत होत्या. अर्धा कप चहा तसाच ठेवून मी उठले. आपण पुन्हा या हं, असं दारापर्यंत येऊन त्यांनी सांगितलं. जिना उतरताना मी ठरवलं की ह्या खेपेला काहीही झालं तरी फोन आपण करायचा नाही. नियम म्हणजे नियम.

आठ दिवस गेले. दहा गेले. महिना गेला. मुलगा म्हणाला, अगं आई, जस्ट कॉल हर, किती इगो करशील? मी म्हटलं, तुला नाही कळायचं. चार महिने मी बसून राहिले... आज लिहिताना लाज वाटते, पण चार महिने. त्या चार महिन्यांत मी मनात त्यांच्याशी किती भांडले असेन. आणि मग सविताचाच फोन आला, तुम्ही का येईना झालात म्हणून. मी तिला म्हटलं, तुझ्या बाईंना विचार. ती म्हणाली, “त्यांना काय इचारू वैनी? त्यांना कुटं काय आठवतंय? दिवाळीच्या आधीपासनं असंच हाय. तुम्ही आला व्हता तवाबी वळखलं न्हवतं. तुम्ही गेल्यावर मला म्हनल्या, कोण गं त्या? स्वभावाने चांगल्या वाटल्या.”

मी तिच्यावर ओरडले. मला आधी का नाही सांगितलंस? ती म्हणाली, बाईंनी गळ्याची शपथ घातली होती, कुणाला बोलायचं नाही. आणि तुम्ही घरच्या, तुम्हाला ठाऊकच असेल असं मला वाटलं, त्या दिवशी तुम्हीपण त्यांच्याशी तसंच आपण-आपण करून बोलत होता की. पन्नास वर्षं जिच्याबरोबर काढली ती बाई माझ्यासमोर बसून मला ओळखत नव्हती, तिने ते सभ्यपणाखाली झाकलं, आणि मी त्याला टोमणा समजले. जगातल्या दुसऱ्या कुठल्या गावात ही चूक झाली नसती.

दुसऱ्याच दिवशी गेले. वन्सं वाळल्या होत्या. तीच खुर्ची, तेच हसू, या, आपण बसा. मी बसले नाही. काठी भिंतीला लावली, त्यांचे दोन्ही हात धरले आणि म्हटलं, वन्सं, मी वसू. चुकलं माझं. मला वाटलं तुम्ही रागावलात. मला कळलंच नाही हो. असं बरंच काहीतरी, रडत रडत. त्यांनी माझ्या चेहऱ्याकडे बघितलं. खूप वेळ बघितलं. मग माझ्या हातावरून हात फिरवला आणि म्हणाल्या, “अगं वेडे, मी तुला ओळखणार नाही का?”

‘तू’ म्हणाल्या. ‘वेडे’ म्हणाल्या. मला वाटलं, मिळालं सगळं. मी त्यांच्या गुडघ्यावर डोकं ठेवून पोटभर रडले आणि त्या मला थोपटत राहिल्या. त्यानंतर दहाच मिनिटांत दाराची बेल वाजली. स्वयंपाकघरातला पाण्याचा फिल्टर दुरुस्त करायला एक माणूस आला होता, पहिल्यांदाच आलेला. तो दारातच घुटमळला, आत येऊ का म्हणून. वन्संनी त्याच्याकडे बघितलं आणि अगदी त्याच सुरात, त्याच मायेने म्हणाल्या, “अरे वेड्या, मी तुला ओळखणार नाही का?” तो गोंधळून “हो आजी” म्हणाला आणि आत गेला.

आता मला सांगा, मी काय समजायचं? त्या दिवसापासून मी हा हिशेब मांडते आहे. आधी मला म्हणाल्या, मग त्याला. क्रम महत्त्वाचा आहे. मला ओळखून म्हणाल्या असतील आणि ते वाक्य जिभेवर राहिलं असेल, म्हणून त्याला म्हणाल्या असतील. किंवा माझा चेहरा वाचला असेल. रडणाऱ्या म्हाताऱ्या बाईला काय ऐकायचंय ते ओळखायला स्मरणशक्ती कशाला लागते? त्यांना तर कधीच लागली नाही. त्यानंतर सात महिने मी एकही गुरुवार चुकवला नाही. कधी मी ‘आपण’ असायची, कधी ‘तू’, एकदा ‘मावशी’ झाले. एकदा मी त्यांना ‘पत्राचा’मधला तो सगळा प्रसंग सांगितला, अगदी गुडघ्याच्या तेलासकट. मनात म्हटलं, हे तरी आत कुठेतरी असेल. त्यांनी फार लक्ष देऊन ऐकलं. बिचारी, म्हणाल्या. मग काय झालं तिचं? मी म्हटलं, मग चित्रपट संपला. त्यांना ते पटलं नाही. असा कसा संपला, म्हणाल्या. डॉक्टरांना मी विचारलं, काही करता येईल का. ते चांगले होते, म्हणून त्यांनी नाही असं सरळ सांगितलं.

तेरावं झाल्यावर मी आणि सविता कर्वेनगरचं घर आवरायला गेलो. कपाटात साड्यांच्या खाली एक वही मिळाली, शाळेच्या मुलांची असते तशी. अक्षर वन्संचं. पहिली पानं ठीक, पुढे ओळी तिरक्या होत गेलेल्या. एकेका पानावर एकेक माणूस. “सकाळी येते ती सविता. मुलगी दहावीला. म्हणायचं: पोरीचा अभ्यास काय म्हणतोय?” समासात लिहिलेलं, “तू.” “समोरचे गृहस्थ. टक्कल. म्हणायचं: आज फिरायला उशीर?” समासात, “तुम्ही.” इस्त्रीवाला, मिशी, गावाकडे पाऊस झाला का. डॉक्टर, नाव विचारायचं नाही. खालच्या मजल्यावरची नवी सून, वाणी, पोस्टमन. सगळ्या जगाचे संवाद त्यांनी लिहून ठेवले होते. सविता सांगायची आणि त्या लिहायच्या, मग दोनदा वाचून घ्यायच्या. आणि वहीच्या आतल्या बाजूला, पुठ्ठ्यावर, ठळक अक्षरात: “ओळख पटली नाही तर ‘आपण’ म्हणावं. त्याने कुणी दुखावत नाही.”

मी पानं पुढे-मागे केली. दोनदा केली. माझं पान नव्हतं. पोस्टमन होता, मी नव्हते. सविता साड्यांच्या घड्या घालत होती. माझा चेहरा तिला दिसला असावा. ती म्हणाली, “मी इचारलं व्हतं त्यांना, वैनींचं न्हाई का लिवायचं? तर म्हनल्या, ती कशाला? ती काय पाहुणी हाय?”

आणि ती पुन्हा घड्या घालायला लागली. हे वन्सं खरंच म्हणाल्या, की माझ्याकडे बघून सविताने आत्ता आपल्या मनचं सांगितलं, ते मी तिला विचारलं नाही. विचारणारही नाही.